हंगामी चाकरीची कुळकथा

सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ रोजीं रत्नागिरी जिल्ह्यापासून वेगळा झाला, आणि कुडाळ व कणकवली यांच्या दरम्यान मुंबई-गोवा हमरस्त्यालगत असलेल्या ओरोस या लहानशा गांवीं जिल्ह्याचें मुख्य ठाणें करण्यांत आलें. त्यालाच पुढें सिंधुदुर्गनगरी असें नांव मिळालें. जुन्या नगरी बंदराच्या, बाजारपेठेच्या किंवा किल्ल्याच्या आश्रयानें वाढल्या. ही नगरी कचेऱ्यांच्या आश्रयानें वाढली. आठ तालुक्यांतील माणूस दाखला, मंजुरी, बदली, नेमणूक यांपैकीं कोणत्या तरी कामासाठीं केव्हां ना केव्हां येथें येतोच. अशा कचेऱ्यांतून एकच काम करणारीं दोन प्रकारचीं माणसें शेजारीं शेजारीं बसलेलीं असतात. एकाचें सेवापुस्तक कपाटांत सुरक्षित असतें. दुसऱ्यापाशीं अकरा महिन्यांचा आदेश असतो, आणि तो संपण्याच्या सुमारास त्याची झोंप उडते. पहिल्यास कायम म्हणतात, दुसऱ्यास हंगामी. हा भेद आजकालचा नाहीं. तो कसा उत्पन्न झाला आणि कां टिकून राहिला, हें समजून घेण्यास ओरोसच्या कचेऱ्या उभ्या राहिल्या त्याच्या बरेंच मागें जावें लागतें.

वतनी अमलांत गांवकामगाराची भरती होत नसे. तो त्या कामावर जन्मास येई. पाटीलकी, कुलकर्ण, देशमुखी हीं बापामागून लेकाकडे जात. रत्नागिरी जिल्ह्यांतील पुष्कळ गांवीं सारावसुलीचा मान खोताकडे असे व तोहि वंशपरंपरेनेंच चाले. चाकरीची शाश्वति एवढी कीं, कामांत अगदीं नालायक ठरलेल्या घराण्याचें वतनहि सहजासहजी जात नसे. इंग्रजी राज्यानें ही व्यवस्था मोडली नाहीं. १८७४ च्या मुंबई वतन कायद्यानें तिला कायद्याची चौकट दिली.

तथापि या शाश्वतीची दुसरी बाजू पाहिल्यावांचून पुढें जाणें योग्य होणार नाहीं. महार वतनदाराची चाकरी सुद्धां वंशपरंपरेची व न सुटणारीच होती. परंतु तिला वेळेची मर्यादा नव्हती, मोबदला तुटपुंजा, आणि घरांतील कर्ता पुरुष गैरहजर असला तर त्याच्या माणसांस कामास यावें लागे. ज्यांचें मूळ गांव रत्नागिरी जिल्ह्यांतील आंबडवे, त्या डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनीं १९२८ सालीं मुंबई कायदेमंडळांत वतन कायदा दुरुस्त करण्याचें विधेयक मांडलें तें याचसाठीं. तें त्या वेळीं तडीस गेलें नाहीं. परगणा व कुलकर्णी वतनें १९५० च्या कायद्यानें गेलीं. कनिष्ठ गांववतनें नाहींशीं होण्यास १९५८ चा कायदा यावा लागला. जो चाकरी सोडूं शकत नाहीं त्याची शाश्वति ही शाश्वति नव्हे, बेडी होय. हंगामी नोकरांच्या बाजूनें बोलतांना 'पूर्वीं बरें होतें' असें म्हणणारांनीं हें ध्यानांत ठेवावें.

वतनाच्या जोडीला कंपनी सरकारच्या कचेऱ्या आल्या आणि तेथें एक नवाच प्राणी दिसूं लागला. तो म्हणजे उमेदवार. कोणा ओळखीच्या कारकुनाच्या वशिल्यानें तो कचेरींत येई, फुकट नकला करी, दप्तरें बांधी, साहेबाच्या स्वारीबरोबर हिंडे, आणि एखादी जागा रिकामी होण्याची वाट पाही. कित्येकांची उमेदवारींतच वर्षें जात. पुढें सरकारनें परीक्षा लावल्या. मराठी सातवी उतरलेल्या, म्हणजे व्हर्नाक्युलर फायनल झालेल्या, मुलास मास्तरकी किंवा खालच्या दर्जाची सरकारी नोकरी मिळूं लागली. कोंकणांतील गरीब घरांना या परीक्षेचें मोल फार वाटलें, आणि तें रास्तच होतें. वशिला नसलेल्या मुलाला जें दार ठोठावतां येईल असें हें पहिलेंच दार.

स्थानिक स्वराज्याचा इतिहासहि त्याच सुमारास सुरू होतो. साऱ्याच्या रुपयामागें एक आणा पट्टी बसवून लोकल फंड उभा राहिला; १८६९ च्या कायद्यानें त्याला पक्कें स्वरूप आलें. लॉर्ड रिपन यांनीं १८८२ सालीं स्थानिक स्वराज्याचा ठराव प्रसिद्ध केला आणि १८८४ सालीं मुंबई इलाख्यांत जिल्हा व तालुका लोकल बोर्डें झालीं. रस्ते, विहिरी, धर्मशाळा, दवाखाने, शाळा हीं त्यांचीं कामें. आतां येथें जरा थांबून विचार केला पाहिजे. रस्ता हा दर पावसाळ्यांत वाहून जाणारच आणि दर हिवाळ्यांत दुरुस्त होणारच. म्हणजे काम कायमचें. परंतु बोर्डाचा पैसा अनुदानावर आणि वर्षाच्या अंदाजपत्रकावर अवलंबून. म्हणजे मंजुरी हंगामी. काम कोणत्या जातीचें आहे हें पाहून माणूस ठेवला गेला नाहीं. पैसा कोणत्या सदराखालीं टाकला आहे हें पाहून तो ठेवला गेला. रस्त्याच्या मैलावर नेमलेला मैलकुली वीस वर्षें त्याच मैलावर खडी पसरीत राहिला तरी हिशेबाच्या वहींत तो रोजंदारीवरच राही. हंगामी नोकर हें अंदाजपत्रकाचें अपत्य आहे, असें म्हटल्यास त्यांत अतिशयोक्ति नाहीं.

शाळांची कथा थोडी निराळी. १९२३ च्या प्राथमिक शिक्षण कायद्यानें शाळांचा कारभार लोकल बोर्डांच्या शाळामंडळांकडे गेला. हेतु चांगला, परंतु मास्तराची नेमणूक आणि बदली या निवडणुकीच्या राजकारणांत ओढल्या गेल्याची ओरड लवकरच सुरू झाली. सभासदाच्या मर्जींतून उतरलेल्या मास्तरानें दुर्गम गांवचा रस्ता धरावा, असें चाले. रत्नागिरीस जन्मलेले बाळासाहेब खेर १९३७ सालीं मुंबई इलाख्याचे मुख्य मंत्री झाले व शिक्षणखातेंहि त्यांच्याकडेच होतें. त्यांच्या मंत्रिमंडळानें १९३८ सालीं कायदा दुरुस्त करून शाळांच्या कारभाराची मुख्य सूत्रें सरकारनें नेमलेल्या अधिकाऱ्याच्या हातीं दिलीं. १९४७ च्या कायद्यानें मास्तरांच्या नेमणुकांसाठीं निवड समिति आली. लोकांच्या प्रतिनिधींकडून नेमणुकांचा अधिकार काढून घेणें हें स्वराज्याच्या तत्त्वाशीं विसंगत दिसतें खरें. पण मास्तर निर्भय नसेल तर शाळा चालत नाहीं, हें त्या मंत्रिमंडळानें ओळखलें होतें.

इकडे कोंकणच्या गांवांतून माणसें मुंबईच्या गिरण्यांत जात होतीं, आणि हंगामी चाकरीचा सर्वांत कठोर धडा त्यांनींच घेतला. गिरणीच्या फाटकाशीं पहांटे गर्दी जमे. कामगार गैरहजर असेल त्याच्या जागीं जॉबर आपल्या मर्जींतला माणूस आंत घेई, आणि त्याबद्दल दस्तुरी उकळी. त्या माणसाला 'बदली' म्हणत. १९२९ सालीं नेमलेल्या शाही मजूर कमिशननें जॉबरची ही भरतीवरील सत्ता काढून घ्यावी अशी शिफारस केली, आणि १९३५ सालीं मुंबईच्या गिरणीमालकांनीं बदली कामगारांस कार्डें देण्याची पद्धति सुरू केली. मालवणी मुलखांत मुंबईस नोकरी करणाऱ्यास चाकरमानी म्हणतात. गणपतीस गांवीं येतांना त्याच्या ट्रंकेंत मुलांसाठीं खाऊ असे, पण त्याच्या खिशांतलें कार्ड बदलीचें आहे कीं कायमचें, हें घरांतल्या वडील माणसांना ठाऊक असे, आणि लग्न जुळवितांना मुलीचा बाप तेंच आधीं विचारी.

हा 'बदली' शब्द पुढें कायद्यांत जाऊन बसला, ही गोष्ट थोड्यांच्या लक्षांत असते. महाराष्ट्रानें १९७१ सालीं कामगार संघांची मान्यता व अनुचित प्रथांना प्रतिबंध यांसंबंधीं कायदा केला. तो १९७५ पासून अमलांत आला. बदली, नैमित्तिक किंवा हंगामी म्हणून माणसें ठेवावयाचीं आणि कायम नोकरांचे हक्क मिळूं नयेत या हेतूनें त्यांना वर्षानुवर्षें तसेंच ठेवावयाचें, ही मालकाची अनुचित प्रथा होय, असें त्यांत स्पष्ट म्हटलें आहे. आदर्श स्थायी आदेशांमध्यें, बारा महिन्यांत २४० दिवस सलग काम केलेल्या हंगामी कामगारास कायम करावें, असा नियम झाला होता. या २४० अंकाची मालकांना इतकी धास्ती बसली कीं, त्याच्या अलीकडेच माणसाला घरीं बसवावयाचें व दोन दिवसांनीं पुन्हां बोलवावयाचें ही युक्ति निघाली. सरकारी व निमसरकारी कचेऱ्यांनींहि ती उचलली. एकोणतीस दिवसांच्या नेमणुका, मध्यें एक दिवसाचा खंड, पुन्हां एकोणतीस दिवस, असे आदेश ज्यांनीं पाहिले आहेत त्यांना त्या एका दिवसाची किंमत सांगावयास नको.

बलवंतराय मेहता समितीचा अहवाल १९५७ सालीं आला. महाराष्ट्रांत वसंतराव नाईक समितीनें जिल्ह्याला पाया धरावें असें सुचविलें, आणि १ मे १९६२ पासून जिल्हा परिषदा सुरू झाल्या. रत्नागिरीच्या लोकल बोर्डाचा वारसा जिल्हा परिषदेकडे आला, आणि १९८१ नंतर त्याचा दक्षिणेकडचा वांटा ओरोसला. १९६७ सालीं जिल्हा सेवांच्या भरतीचे नियम झाले. त्याच सालीं बांधकाम व पाटबंधारे खात्यांतील रोजंदारी कामगारांच्या बाबतींत कालेलकर निवाडा झाला. पांच वर्षें सलग काम केलेल्या रोजंदारी माणसास एका नव्या आस्थापनेवर घ्यावें असें त्यानें ठरविलें. त्या आस्थापनेचें नांव मोठें मौजेचें आहे: 'रूपांतरित नियमित अस्थायी आस्थापना'. नियमित आणि अस्थायी हे दोन शब्द व्याकरणांत एकमेकांशेजारीं कसे नांदतात, हें विचारण्याच्या भरीस मैलकुली पडला नाहीं. त्याला रजा मिळाली, वेतनश्रेणी मिळाली, म्हातारपणीं निवृत्तिवेतनाची आशा मिळाली. नांवाची विसंगति त्यानें आनंदानें पत्करली.

१९७२ च्या दुष्काळानें रोजगार हमीचीं कामें राज्यभर पसरलीं. त्यांचा कायदा १९७७ सालीं झाला. त्या कामांवर मजुरांची हजेरी मांडण्यास हजेरी सहायक नेमले गेले. दुसऱ्याच्या हजेरीची रोज नोंद करणारा हा माणूस स्वतः कोणत्याच पक्क्या पटावर नव्हता. दुष्काळ सरला, कामें कमी झालीं, पण हे हजारों सहायक वर्षानुवर्षें तसेच राहिले. त्यांना शासकीय सेवेंत सामावून घेण्याचा निर्णय होण्यास १९९० नंतरचें दशक उजाडलें, आणि तोहि प्रश्न सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. १९९५ सालीं पुणें भागांतील वनखात्याच्या रोजंदारी मजुरांच्या खटल्यांत त्या न्यायालयानें, सरकारहि १९७१ च्या कायद्यांतील अनुचित प्रथेचें दोषी ठरूं शकतें, असा निकाल दिला. हंगामी नोकरांच्या इतिहासांतील हा भरतीचा काळ होता. ओहोटी पुढें यावयाची होती.

ती ओहोटी १० एप्रिल २००६ रोजीं आली. कर्नाटकाच्या वाणिज्य कर खात्यांत १९८५-८६ च्या सुमारास रोजंदारीवर लागलेल्या माणसांच्या प्रकरणांत, जें उमादेवी खटला म्हणून प्रसिद्ध आहे, सर्वोच्च न्यायालयाच्या पांच न्यायमूर्तींच्या घटनापीठानें निकाल दिला कीं, केवळ पुष्कळ वर्षें काम केलें म्हणून कोणासहि सरकारी सेवेंत कायम होण्याचा हक्क येत नाहीं. हा निकाल वाचून पुष्कळांच्या घरीं चूल पेटली नसेल. परंतु न्यायालयानें ज्याच्याकडे बोट दाखविलें तो मनुष्य खटल्यांत हजरच नव्हता. तो म्हणजे बाहेर राहिलेला उमेदवार. घटनेच्या १६ व्या कलमानें सरकारी नोकरींत सर्वांस समान संधि दिली आहे. जाहिरात न देतां, परीक्षा न घेतां, बिंदुनामावलींतील मागासवर्गीयांच्या जागा न पाहतां कोणी साहेबानें एखाद्यास रोजंदारीवर घेतला, तर ज्या शेंकडों मुलांना त्या जागेची वार्ताहि लागली नाहीं त्यांचा हक्क त्या दिवशींच बुडाला. वर्गांत परीक्षा आहे हें चारच मुलांना सांगावयाचें आणि नंतर त्या चौघांच्या श्रमाकडे पाहून त्यांनाच उत्तीर्ण करावयाचें, तशांतली ही गोष्ट.

तरी न्यायालयानें एक फट ठेवली. मंजूर पदावर, पात्रता असून, न्यायालयाच्या आदेशाच्या आश्रयावांचून ज्यांनीं दहा वर्षें काढलीं त्यांचा विचार सरकारनें एकवार करावा, असें त्यानें सांगितलें. पुष्कळ सरकारांनीं निकालाचा पहिला भाग पाठ केला आणि हा दुसरा भाग विसरलीं. खरा अन्याय येथें आहे. हंगामी माणूस मागच्या दारानें आला असेल. पण तें दार उघडणारा हात त्याचा नव्हता. ज्या कचेरीनें पद मंजूर असतां जाहिरात दिली नाहीं, दरवर्षीं त्याच माणसाकडून काम करून घेतलें, तीच कचेरी न्यायालयांत उभी राहून 'याची नेमणूक नियमबाह्य आहे' असें सांगूं लागली. २००९ सालीं एस. टी. महामंडळाच्या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें, औद्योगिक न्यायालयाचे १९७१ च्या कायद्याखालील अधिकार उमादेवी निकालानें गेलेले नाहींत, असा खुलासा केला. २०१६ सालीं समान कामास समान वेतन हें तत्त्व हंगामी नोकरांसहि लागू केलें. आणि २० डिसेंबर २०२४ रोजीं, जग्गो नांवाच्या सफाई कामगार स्त्रीच्या प्रकरणांत, कायम स्वरूपाचें काम हंगामी नांवाखालीं करून घेणाऱ्या सरकारी खात्यांना त्यानें कडक शब्दांत फटकारलें, आणि उमादेवी निकालाचा असा उपयोग करतां येणार नाहीं असें बजावलें.

मधल्या काळांत हंगामी चाकरीनें वेष बदलला होता. कचेरी आणि नोकर यांच्यामध्यें ठेकेदार आला. मुंबई महापालिकेचा कचरा उचलणारे सुमारें २,७०० कामगार ठेकेदारांचे म्हणून दाखविले जात. तो ठेका केवळ दिखाऊ असल्याचा निवाडा औद्योगिक न्यायाधिकरणानें २०१४ सालीं दिला, आणि सर्वोच्च न्यायालयानें तो २०१७ सालीं उचलून धरला. ग्रामपंचायतींत २०११ पासून संगणक चालविणारीं मुलें आलीं. त्यांचा पगार पंचायतीच्या पैशांतून, हुकूम पंचायतीचा, पण नेमणूक कंपनीची. महाराष्ट्र सरकारनें ६ सप्टेंबर २०२३ रोजीं नऊ संस्थांमार्फत कंत्राटी माणसें घेण्याचा निर्णय काढला होता. त्याविरुद्ध इतका गदारोळ झाला कीं, पुढच्याच महिन्यांत, २० ऑक्टोबरला, तो मागें घेत असल्याचें जाहीर करावें लागलें. आरोग्य अभियानांतील कंत्राटी परिचारिका व इतर कर्मचारी यांच्यापैकीं दहा वर्षें झालेल्यांस कांहीं पदांवर सामावून घेण्याचा निर्णय १४ मार्च २०२४ चा आहे. त्याची अंमलबजावणी व्हावी म्हणून २०२५ च्या ऑगस्टांत त्यांना पुन्हां संपावर जावें लागलें.

उघड भरतीचें दार तरी नीट उघडें आहे काय? मार्च २०१९ मध्यें जिल्हा परिषदांच्या जागांची जाहिरात निघाली, अर्ज व शुल्क घेतलें गेलें, आणि कांहीं वर्षांनीं ती भरती रद्द होऊन शुल्क परत करण्याची वेळ आली. २०२१ सालीं आरोग्य खात्याच्या परीक्षेचे पेपर फुटले. २०२३ च्या ऑगस्टांत राज्यांतील जिल्हा परिषदांच्या १९,४६० जागांची जाहिरात आली तेव्हां खुल्या वर्गाचें शुल्क १,००० रुपये होतें. भरती वेळेवर न होणें हेंच हंगामी नेमणुकांचें मूळ आहे. जागा रिकामी राहते, काम थांबत नाहीं, आणि मग कोणाला तरी बोलवावें लागतें.

सिंधुदुर्गांत हा प्रश्न शाळांच्या रूपानें विशेष तीव्र झाला. २००१ च्या शिरगणतींत जिल्ह्याची लोकसंख्या ८,६८,८२५ होती. २०११ मध्यें ती ८,४९,६५१ झाली. वाड्या दूर दूर, मुलें थोडीं, शाळा लहान. २००० सालीं शिक्षणसेवक योजना आली: प्राथमिक शाळेंत महिना ३,००० रुपयांवर तीन वर्षें, मग कायम. मानधन लाजिरवाणें होतें, पण निवड उघड होती आणि शेवट ठरलेला होता, हें मान्य केलें पाहिजे. त्याच सुमारास वस्तीशाळांवर जे तरुण महिना १,००० रुपयांवर घेतले गेले त्यांच्या बाबतींत शेवट ठरलेला नव्हता. त्यांना नियमित शिक्षक म्हणून सामावून घेणारा निर्णय १ मार्च २०१४ रोजीं झाला. तोंपर्यंत कित्येकांचीं स्वतःचीं मुलें शाळेंत जाऊं लागलीं होतीं.

राज्यव्यापी निवड झाल्यावर घाटावरचे शिक्षक कोंकणांत नेमले जातात, आणि कांहीं वर्षांनीं आंतरजिल्हा बदलीनें आपल्या गांवाकडे जातात. आपला गांव सर्वांनाच प्रिय. त्यांना दोष देणें बरोबर नाहीं. परंतु मागें शाळा रिकामी राहते, आणि जिल्ह्यांतील डी. एड. झालेलीं मुलें बेकार असतात. त्यांनीं स्थानिकांस प्राधान्य मिळावें म्हणून ओरोस येथें वेळोवेळीं आंदोलनें केलीं. मागणी स्वाभाविक आहे. पण तिच्या वाटेंत घटनाच आडवी येते. १६ व्या कलमानें केवळ जन्मस्थान किंवा रहिवास यांवरून सरकारी नोकरींत भेद करण्यास मनाई आहे, आणि रहिवासाची अट घालण्याचा अधिकार फक्त संसदेस आहे. राजस्थानांत जिल्हा परिषदांच्या प्राथमिक शिक्षकांच्या भरतींत त्याच जिल्ह्याच्या रहिवाशांस जादा गुण दिले जात. सर्वोच्च न्यायालयानें २००२ सालीं कैलासचंद शर्मा यांच्या खटल्यांत ते घटनाबाह्य ठरविले. म्हणून स्थानिक मुलाला कायम जागा देतां येईना, तेव्हां त्याला हंगामी जागा देण्यांत आली. समान संधीचा नियम कायम जागेवर पहारा करीत होता. हंगामी जागेवर कोणाचाच पहारा नव्हता.

५ सप्टेंबर २०२४ रोजीं सरकारनें वीस किंवा त्याहून कमी मुलें असलेल्या शाळांत एक शिक्षक कंत्राटी, महिना १५,००० रुपयांवर, नेमण्याचा निर्णय काढला. त्याच महिन्यांत वीसाचे दहा झाले, आणि १० फेब्रुवारी २०२५ रोजीं तो निर्णयच रद्द झाला. कायम व्हावयाचें तर शिक्षक अभियोग्यता चाचणीचाच मार्ग उरला. ही चाचणी २०१७, २०२३ आणि २०२५ या सालीं झाली. पहिल्या आणि दुसऱ्या चाचणीच्या मध्यें पांच वर्षें गेलीं, आणि तेवढ्या अवधींत मालवण-देवगडकडील मुलगा चाकरमानी होऊन मुंबईची गाडी धरतो.